बीडमध्ये राहून माहितीपटाचा कॅमेरामन होता येईल, की मुंबई गाठावीच लागेल?

लगेच तरी नको. मुंबईत भाडं भरण्यातच दमून जाल.

पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी फिल्म संस्थेत छायाचित्रणाचा ३ वर्षांचा अभ्यासक्रम आहे. पदवी झाली असेल तर प्रवेश परीक्षा जरूर द्या. नाही जमलं तरी अडत नाही. लग्नाच्या शूटिंगला नाकं मुरडू नका. माझी सुरुवातीची वर्षं त्यावरच निघाली, आणि रीटेक न मिळता काम कसं करायचं ते तिथंच शिकलो.

माहितीपटातही रीटेक नसतोच. दसरा-दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीच्या टोळ्या निघतात. ट्रॉलीत आधी सरपण चढतं, मग भांडी, मग लेकरं, आणि म्हातारी दारातच उभी राहते. हे तुम्हाला आधीच ठाऊक असतं, म्हणून कॅमेरा ट्रॉलीकडे नाही, दाराकडे असतो. बाहेरून आलेल्याला हे उमगेपर्यंत ट्रॅक्टर धारूरच्या घाटात पोचलेला असतो.

उन्हाळ्यात अकरानंतर चेहरे शूट करू नका, डोळ्यांखाली काळे खड्डे पडतात. घरात जुनी ट्यूबलाइट असेल तर शटर १/५० सेकंदावर ठेवा, नाहीतर चित्र लुकलुकतं. आपली वीज ५० हर्ट्झची, म्हणजे सेकंदाला ५० आवर्तनांची, आणि शटर त्या ठेक्याशी जुळावं लागतं. आणि आवाजासाठी आधी कॉलर माइक घ्या, महागडी लेन्स नंतर.

पैशाचं म्हणाल तर कमाई बेभरवशाची. एका संस्थेनं पाणलोटाच्या फिल्मचं बिल आठ महिने लटकवलं होतं. तेव्हापासून निम्मे पैसे हातात पडल्याशिवाय मी बॅटरीसुद्धा चार्जिंगला लावत नाही.