घेवड्याची आमटी आणि बाळाचा वात

"मॅडम, परवा हिनं घेवड्याची आमटी खाल्ली आन् पोरगं रात्रभर पाय पोटाशी घेऊन रडलं." कोरेगावहून आलेल्या काकूंनी खुर्चीत बसायच्या आधीच गुन्हा आणि गुन्हेगार दोन्ही सांगून टाकले. वाघ्या घेवड्यासाठी नावाजलेला तालुका, आणि बाळंतिणीला घेवडा बंद! तूर, हरभरा, कोबीही बंद. पाच आठवडे मऊ भात, तूप, शेपू. पहिले सहा महिने पाजणाऱ्या आईला रोज सुमारे 600 कॅलरी जास्त लागतात; ही पोर अर्धपोटी होती. बाळाचं वजन मात्र छान वाढत होतं.

"काकू, घेवड्याचा वायू आईच्या आतड्यात होतो. दूध बनतं रक्तातून. तो वायू दुधात उतरत नाही."

काकूंना काही पटलं नाही. मी पोरीला म्हटलं, जरा पाजून दाखव बघू.

बाळाच्या तोंडात नुसतं स्तनाग्र, खालचा ओठ आत मुडपलेला, दर घोटाला 'चट्' आवाज. म्हणजे दुधाबरोबर हवाही पोटात चाललेली. पान्हा फुटला तसा ठसका लागला. तिला मागं रेलून बसवलं, बाळानं मोठा आ केल्यावर भोवतीच्या काळ्या भागासकट स्तन तोंडात दिला. आवाज थांबला.

"मग दूध-दही?" पोरीनं विचारलं. प्रश्न रास्त होता. गाई-म्हशीच्या दुधातली प्रथिनं थोडी आईच्या दुधात उतरतात आणि मोजक्या बाळांना त्यांची ॲलर्जी असते. पण तेव्हा शीमध्ये रक्त किंवा शेंबडासारखा चिकट भाग दिसतो, अंगावर चट्टे येतात, वजन अडतं. तसं असेल तर डॉक्टरांना विचारून दोन ते चार आठवडे दुधाचे पदार्थ थांबवायचे, मग पुन्हा खाऊन बघायचं. इथं यातलं काहीच नव्हतं. घुटी आणि ग्राइप वॉटर मात्र मी बंद करायला लावलं.

संध्याकाळचं हे रडणं साधारण सहाव्या आठवड्यात टिपेला पोचतं आणि तीन-चार महिन्यांत आपसूक ओसरतं. त्या सुमारास घरानं जे बंद केलेलं असतं, त्याला फुकटचं श्रेय मिळतं. पुढच्या बाळंतपणातही ते बंदच राहतं. ताप, हिरवी उलटी, शीतून रक्त किंवा पिणं सोडलं, तर मात्र माझी वाट न बघता थेट बालरोगतज्ज्ञांकडे जा, एवढं दोघींना बजावून सांगितलं.