लग्नाच्या बिछायत-डेकोरेशनवाल्याशी करार करताना कागदावर काय लिहून घ्यावं?
तारीख अन् रक्कम सगळेच लिहितात. भांडण होतं बारीक गोष्टींवरून. पुतणीच्या लग्नात, ऐन मे महिन्यात, बिछायतवाला म्हणाला "कूलर लावतो ना भाऊ". आले दोनच, तेही कोरडे, पाणी भरायला माणूस नाही. म्हणून नग लिहा: मंडप किती बाय किती फूट, खुर्च्या, कूलर, जनरेटर किती केव्हीएचा (म्हणजे किती ताकदीचा) अन् डिझेल कोणाचं. मंडप आदल्या दिवशी किती वाजता उभा पाहिजे, तेही. अवकाळी आला किंवा तारीख पुढं गेली तर इसाराचं काय? हे तर आधीच ठरवा. तुटफुटीची मोजणी दोघांसमोर. तोंडी करारही १८७२ च्या करार कायद्यात बसतो, पण सिद्ध करताना घाम फुटतो. शेवटचा हप्ता मात्र लग्न लागल्यावरच द्या.