‘बाकीचे अठरा कुठे गेले?’ आईची वाक्यं आपल्या तोंडी येतात तेव्हा

‘आई मला जे बोलायची तेच मी लेकीला बोलते. वाक्य तोंडातून निसटल्यावर लक्षात येतं. आई म्हणून मी नापास झाले का?’ पंचेचाळिशीच्या आसपासच्या अनेक बायका हा प्रश्न घेऊन येतात. पुरुषांकडून तोच प्रश्न ‘मुलगा माझ्याशी बोलत नाही’ असा येतो. कुणाची ओळख पटू नये म्हणून पुढची केस अशा दोन-तीन कुटुंबांचे तपशील एकत्र करून मांडली आहे.

बाई बँकेत नोकरीला. १९९४ साली दहावीत त्यांना ८२ टक्के मिळाले, तेव्हा आईने निकाल बघून विचारलं होतं, ‘बाकीचे अठरा कुठे गेले?’ आता आठवीतल्या लेकीला घटक चाचणीत २५ पैकी २१ मिळाले आणि यांनी विचारलं, ‘चार कुठे घालवलेस?’ लेकीने पेपर दप्तरात ठेवला आणि पुढच्या चाचणीचा दाखवलाच नाही. आजी, म्हणजे बाईंची आई, त्याच घरात राहतात. बाईंची मागणी अशी की, आजींना समोर बसवून एकदा सगळं सुनवायचं आहे, त्याची तयारी करून द्या.

सुरुवात तिथून करू नये, असं माझं ठाम मत आहे. पंचाहत्तरीची आई अशा वेळी बहुतेकदा ‘तुमच्यासाठी काय नाही केलं?’ म्हणून रडते, नाहीतर ‘असं मी कधी बोललेच नाही’ म्हणते. दोन्हींत समोरची बाई पुन्हा दहावीतली मुलगी होते, आणि नात आतल्या खोलीतून सगळं ऐकत असते. दुरुस्ती आधी लेकीशी करायची. तिथे बदल आपल्या हातात असतो, त्यासाठी कुणाच्या माफीची वाट बघावी लागत नाही.

पहिले दोन आठवडे फक्त वही. चार रकाने: वेळ, प्रसंग, तोंडून निघालेलं वाक्य जसंच्या तसं, आणि त्याच्या आधी शरीरात काय झालं. चौथा रकाना लोक हमखास रिकामा ठेवतात, म्हणून तो आधी भरायला सांगते: जबडा आवळला, कानशिलं तापली, आवाज चढला. या वहीत दोन गोष्टी ठळक दिसल्या. बहुतेक नोंदी संध्याकाळी सात ते साडेआठमधल्या, म्हणजे लोकलमधून उतरून थेट ओट्याशी उभं राहिल्यावरच्या. आणि आजी बाहेरच्या खोलीत असल्या की वाक्य जास्त बोचरं. बाई लेकीला रागवत होत्या, पण ते आजींच्या कानांवर पडावं म्हणून. ‘बघ, मी तिला लाडावून ठेवलेलं नाही,’ हे त्यातून आजींना सांगायचं होतं.

त्यावरून घरात तीन बदल ठरले. घरी आल्यावर वीस मिनिटं चहा, तेव्हा अभ्यासाचा विषय नाही. पेपर बघायचा तो जेवणानंतर, आणि आजींसमोर नाही. चौथ्या रकान्यातली खूण जाणवली की चार आकड्यांत श्वास आत, सहा आकड्यांत बाहेर, असं आठ-दहा वेळा. बाहेर सोडलेला श्वास लांबला की छातीची धडधड उतरायला मदत होते. राग जात नाही, पण जीभ थांबण्याइतकी उसंत मिळते.

तरीही वाक्य निसटतं. मग त्याच दिवशी, झोपायच्या आत, मिनिटभरात आटपेल अशी माफी: ‘मी चार मार्कांवरून तुला टोमणा मारला. ते चुकलं. पुढच्या वेळी मी आधी बरोबर आलेलं बघेन.’ यात ‘पण’ नको. ‘सॉरी, पण तूही नीट लिहायला हवं होतंस’ म्हटलं की मुलीच्या कानात फक्त दुसरा अर्धा भाग राहतो. तिच्यासमोर रडायचंही नाही, कारण मग तीच आईची समजूत काढत बसते. तान्ह्या बाळांचं आणि त्यांच्या आयांचं निरीक्षण करून अमेरिकी मानसशास्त्रज्ञ एडवर्ड ट्रॉनिक यांनी दाखवलं की चांगल्या नात्यातही आई-बाळाचे सूर वारंवार चुकतात. ते पुन्हा जुळवले जातात की नाही, यावर पुष्कळ काही ठरतं. कधीच न रागावणारी आई होण्याचा ध्यास म्हणूनच सोडून द्यावा.

इथे दोन ठिकाणी गाडी अडते. एक, आया अचानक भरमसाट कौतुक करू लागतात. ‘किती हुशार गं माझी बाय’ यावर तेरा वर्षांची मुलगी विश्वास ठेवत नाही. ‘भूमितीच्या सिद्धतेत प्रत्येक पायरीचं कारण लिहिलंस’ यावर ठेवते. दुसरं, काही आठवड्यांनी मुलगी उलट उत्तरं द्यायला लागते, तेव्हा घरचे घाबरून जुन्या वाटेला लागतात. आता बोललं तर चालतं का, हे ती चाचपून बघत असते. अशा वेळी निदान महिनाभर तरी ठरलेलं सोडायचं नाही.

आता ‘मी नापास’ या वाक्याकडे. हा आजींचाच मोजमापाचा दांडा, बाईंनी स्वतःवर चालवलेला. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट एलिस यांच्या विवेकनिष्ठ उपचारपद्धतीत इथे भेद करतात: कृतीला गुण देता येतात, अख्ख्या माणसाला नाही. ‘मी टोमणा मारला, ते चूक’ एवढंच सिद्ध होतं. तसंच ‘आईने शाबासकी द्यायलाच हवी होती’ हा हट्ट ‘दिली असती तर फार बरं झालं असतं; नाही दिली’ असा कागदावर लिहून घेतला. त्यावर बाई बराच वेळ रडल्या. रागाखाली दबलेलं दुःख असं वर येतं, आणि ते घाईने पुसू नये.

यानंतर तीन पिढ्यांचा नकाशा काढला: पुरुषाला चौकोन, स्त्रीला वर्तुळ, जवळिकीला दुहेरी रेघ, भांडणाला नागमोडी, आणि प्रत्येकाखाली साल. १९८२वर येऊन हात थांबला. त्या वर्षी १८ जानेवारीला मुंबईत गिरणी संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले आणि तो संप रीतसर मागे घेतलाच गेला नाही. आजोबा गिरणीत, आजी गिरणगावात खानावळ चालवायच्या, बाई तेव्हा चार वर्षांच्या.

आजींशी बोलायची वेळ आली ती आता. नियम एकच, भावना विचारायच्या नाहीत, व्यवहार विचारायचा. ‘तुला कसं वाटलं?’ याला त्या पिढीकडून ‘काय वाटायचंय?’ असं उत्तर येतं. भाजी निवडताना, डोळ्याला डोळा न देता विचारायचं: ‘पगार बंद झाला तेव्हा राशन कसं भागवलंस?’ तीन-चार दुपारींत सगळं निघालं. खानावळीचे मेंबर गावी गेले, त्यांचे पैसे बुडाले, मोठ्या मुलाची शाळा आठवीत सुटली. उरलेल्या लेकीचा एकेक मार्क म्हणजे त्यांच्या लेखी घर वाचवण्याची सोय होती. आणि तोंडावर कौतुक केलं की पोर शेफारतं, ही समजूत तर घरोघर होतीच.

कारण कळलं म्हणजे वागणं माफ झालं असं नाही, हे बाईंना पुन्हा पुन्हा सांगावं लागलं. ज्या घरात मारहाण, लैंगिक अत्याचार किंवा आजही रोजचा अपमान आहे, तिथे वडीलधाऱ्यांना समजून घ्यायचा हा भाग करूच नये. आधी अंतर आणि सुरक्षितता. दोन आठवड्यांहून जास्त झोप-भूक उडाली असेल तर मानसोपचारतज्ज्ञांना दाखवावं. जगणं नको वाटत असेल तर एक दिवसही थांबू नये. टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य सेवेचा १४४१६ हा मोफत क्रमांक चोवीस तास चालू असतो.

शेवटच्या भेटींपैकी एका भेटीत बाईंनी विचारलं, ‘आई कधी म्हणेल का, छान केलंस म्हणून?’ बहुधा नाही म्हणणार, असं त्यांना स्पष्ट सांगितलं. आता भेट महिन्यातून एकदा आहे. वहीचे दोनच रकाने उरलेत, वाक्य आणि दुरुस्ती केली का. सहामाहीच्या आठवड्यात मात्र चारही रकाने पुन्हा रोज भरायचे ठरलं आहे.