वरून करपतं, आतून कच्चं राहतं

प्रश्न: ताई, क्रीम आणि चीज घालून बटाटा बेक करते पण दरवेळी वरचं चीज लालभडक होतं अन् आतला बटाटा कचकचीत राहतो, शिवाय सॉस फाटून तूप सुटल्यासारखं दिसतं, काय चुकतंय?

उत्तर: अहो, बहुतेक दोन गोष्टी होतायत. एक म्हणजे काप जाड पडतायत, ३ मिलिमीटरच्या वर नकोच, आणि कापल्यावर ते धुवू नका हं, त्यातला स्टार्चच सॉस घट्ट करतो, धुतला की सगळं पाणचट. दुसरं, थंड क्रीममध्ये कच्चे काप टाकून थेट ओव्हनला लावलं की बटाटा शिजायला खूप वेळ लागतो आणि तोवर वरचं चीज जळतं, म्हणून आधी क्रीम, थोडं दूध, ठेचलेला लसूण, मीठ आणि चिमूटभर जायफळ घालून काप मंद आचेवर ८-१० मिनिटं शिजवून घ्या, मला तर हीच पायरी सगळ्यात महत्त्वाची वाटते. मग ट्रेमध्ये पसरून फॉइल लावून १८० डिग्रीला ३० मिनिटं, सुरी सहज आत गेली की फॉइल काढून चीज घाला, अजून १५ मिनिटं.

सॉस फाटतो तो कमी फॅटच्या क्रीममुळे किंवा जास्त आचेमुळे, फुल फॅटच घ्या. चीज घरी किसा, पाकिटातल्या किसलेल्या चीजला स्टार्च लावलेला असतो, ते नीट वितळत नाही. आणि बाहेर काढल्यावर १० मिनिटं हात लावू नका, तेवढ्यात सॉस छान आळतो.