थपडेपाशी थांबू नका

प्रश्न : ललिता पवार आमच्या गावच्या, असं आजोबा नेहमी सांगायचे. खरं का हो? आणि एका थपडेनं त्यांचं करिअर संपलं म्हणतात, तेही खरं का? खाष्ट सासूशिवाय त्यांनी काही केलं की नाही?
— एक वाचक, येवला

उत्तर : आजोबांचं बरोबर आहे. बाई १९१६ साली येवल्यातच जन्मल्या, माहेरच्या सगुण.

थप्पडही खरी. १९४२ मध्ये शूटिंग चालू असताना भगवानदादांचा हात जोरात बसला, चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली आणि डावा डोळा कायमचा बारीक झाला. नायिकेची कामं गेली. पण 'संपलं' कुठलं? खरं सांगू, मला या किश्श्याचा आता कंटाळा आलाय. ललिताबाईंचं नाव निघालं की गप्पा थपडेशी येऊन थांबतात. मूकपटापासून कामं करणाऱ्या या बाईनं १९३७ साली, विशी नुकतीच ओलांडलेली असताना, 'दुनिया क्या है' हा सिनेमा स्वतः काढला होता, हे कुणी सांगत नाही. थपडेनंतर दोनच वर्षांनी त्या प्रभातच्या 'रामशास्त्री'त आनंदीबाई झाल्या. 'ध'चा 'मा' म्हटलं की मला अजून त्यांचाच चेहरा दिसतो.

सासूशिवाय म्हणाल, तर 'श्री ४२०' मधली केळेवाली गंगामाई बघा. ती दोन आण्याला तीन केळी द्यायला तयार, आणि राज कपूर तीन आण्याला दोनच हवीत म्हणून घासाघीस करतोय! मग 'अनाडी' (१९५९) मधल्या मिसेस डिसा. घरभाड्यासाठी भाडेकरूच्या मागे तोंडाचा पट्टा चालू, आणि जीव मात्र पोटच्या पोरासारखा लावलेला. विषारी औषधानं त्या जातात आणि खुनाचा आळ नेमका त्याच पोरावर येतो. या कामाला फिल्मफेअर मिळालं. 'अनाडी'च्याच दिग्दर्शकानं, हृषीकेश मुखर्जींनी, पुढे 'आनंद'मध्ये त्यांना मेट्रन केलं, तिचंही आडनाव डिसाच. मुद्दाम ठेवलं असावं, असं मला आपलं वाटतं.

रामायण मालिका लागायची तेव्हा आमची आजी रविवारी सकाळी आंघोळ उरकून टीव्हीपुढे बसायची. मंथरा दिसली रे दिसली की, "आली मेली!" पुढे कधीतरी टीव्हीवर 'अनाडी' लागला. मिसेस डिसा गेल्या तेव्हा आजी पदरानं डोळे पुसत होती. मी म्हटलं, "आजी, अगं ही तुझी मंथराच की."

आजीनं पडद्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. म्हणाली, "काहीतरीच बोलू नकोस. ती बाई वेगळी."