चेहरा नको, हात बघ

चि. विद्यार्थिनीस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

पत्र मिळालं. फिनलंडची अभिनेत्री काती ओउतिनेन हिचे दोन चित्रपट पाहून तू आरशासमोर तिच्यासारखा चेहरा करून पाहिलास आणि तो मेल्यासारखा दिसला, असं लिहिलंयस. दिसणारच. तिचा चेहरा हे तिच्या कामाचं शेवटचं टोक आहे आणि तू नेमकी तिथून सुरुवात केलीस. तिच्या चाळीसेक वर्षांच्या कामातून उचलण्याजोगं पुष्कळ आहे, पण ते हातांत, श्वासात आणि नजर नेमकी कधी हलते यात आहे. म्हणून हे पत्र जरा लांबणार.

आधी तिची घडण लक्षात घे. जन्म 1961 चा, हेलसिंकीचा. 1980 साली तापिओ सुओमिनेनच्या चित्रपटात तिनं लिस्सू नावाची दांडगट मुलगी केली आणि फिनलंडमधल्या तरुण प्रेक्षकांना ती माहीत झाली. मग हेलसिंकीच्या थिएटर अकादमीत शिक्षण. त्या वर्षांत तिथं शिकवणाऱ्या योउको तुर्का या दिग्दर्शकाचा दबदबा होता. नटाचं शरीर पार थकेपर्यंत राबवायचं, घाम, वेग, आरडाओरडा, सगळं टोकाला न्यायचं ही त्याची रीत. तिथून निघालेल्या अनेकांवर 'तुर्काचा माणूस' असा शिक्का बसला. हिच्यावर तो बसला नाही. पण ज्या शरीराला पडद्यावर आपण गप्प बसलेलं पाहतो, ते या तालमीतून गेलेलं आहे. तुझ्या आरशातल्या चेहऱ्यामागे अशी मेहनत नव्हती, एवढाच फरक.

हे करून बघ. वीस मिनिटं जिने चढ-उतर, नाहीतर दोरीवरच्या उड्या. गुडघे दुखत असतील तर नुसतं भरभर चाल. थांबल्या थांबल्या खुर्चीत बस आणि फोनचा कॅमेरा चालू कर. फोन डोळ्यांच्या उंचीवर, दीडेक मीटर लांब. पुढची तीन मिनिटं फक्त श्वास आवरायचा, बाकी काही नाही. चित्रण पाहशील तेव्हा दिसेल की तू 'काहीच करत नाहीयेस', तरी बघणाऱ्याची नजर हलत नाही, कारण आत एक काम चालू आहे. दुसऱ्या दिवशी न दमता हेच कर आणि दोन्ही चित्रणं शेजारी लावून बघ. बहुतेकांचं दुसरं पोकळ निघतं. महिनाभरानं ते भरू लागतं.

आता चित्रपट बघण्याचा क्रम. फिन्निश दिग्दर्शक आकी कौरिस्मॅकीबरोबरचं तिचं काम 1986 च्या 'शॅडोज इन पॅरडाइज'पासून सुरू होतं. त्यात ती इलोना, सुपरमार्केटमधली कॅशियर. समोर कचरागाडी चालवणारा मत्ती पेलोनपॅ. तो आधी बघ. 'हॅम्लेट गोज बिझनेस' (1987) मधली तिची ओफेलिया नंतर सवडीनं बघितलीस तरी चालेल. मुक्काम ठोकायचा तो 'द मॅच फॅक्टरी गर्ल'वर (1990). सत्तरेक मिनिटांचाच आहे, तीनदा बघ.

पहिल्यांदा सरळ. दुसऱ्यांदा आवाज पूर्ण बंद करून. तिसऱ्यांदा वही घेऊन, आणि तेव्हा फक्त तिच्या हातांची नोंद. सुरुवातीला ओंडक्यापासून काडेपेटीपर्यंतची यंत्रं दिसतात, मग पट्ट्यावरून सरकणाऱ्या पेट्या तपासणारी ईरिस, म्हणजे ओउतिनेन. दहा मिनिटांहून जास्त वेळ पात्रं एकमेकांशी बोलतच नाहीत, आणि तेवढ्यात तिची नोकरी, तिचं घर, तिचा एकटेपणा सगळं कळलेलं असतं. कारखान्यात ती 'कंटाळलेली मुलगी' दाखवत नाही. लेबल नीट चिकटलंय का एवढंच बघते. कंटाळा आपल्याला येतो, तिच्या वतीनं. नृत्यगृहातला प्रसंगही असाच. भिंतीला लागून बायका बसल्यात, एकेकीला कोणीतरी नाचायला नेतं, ही उरते. शीतपेय पिते. पायाशी रिकाम्या बाटल्या दिसतात, आणि जे सांगायचं ते बाटल्या सांगतात. मान खाली घालणं, उसासा, ओठ चावणं यातलं काही तिनं केलं असतं तर प्रसंग रडका झाला असता.

याचा सराव स्वस्त आहे. वीस काडेपेट्या आण. दोन पेट्यांची लेबलं मुद्दाम थोडी फाड आणि मैत्रिणीला त्या मध्येच मिसळायला सांग. कॅमेरा लावून एकेक पेटी उचल, तपास, चांगली उजवीकडे, खराब डावीकडे. मध्येच मैत्रिणीनं, तुला आधी न सांगता, एक वाईट बातमी वाचायची: भाड्याची खोली सोडावी लागणार, असलं काहीतरी. तू काम थांबवायचं नाही. बहुतेक जणी इथं दोनपैकी एक चूक करतात. एक म्हणजे बातमी येण्याआधीच चेहरा तयार ठेवतात, कारण बातमी येणार हे ठाऊक असतं; म्हणून मैत्रिणीनं कधी पाचव्या पेटीला वाचावं, कधी सोळाव्या, कधी वाचूच नये. दुसरी म्हणजे बातमीनंतर हात मुद्दाम मंद करतात. तेही खोटंच. खऱ्या धक्क्यानंतर हात बराच वेळ आपल्या सवयीनं चालत राहतात, मग एखादी खराब पेटी चुकून उजवीकडे जाते. ती चूक आपसूक घडली तर ठेव. ठरवून घडवलीस की कॅमेऱ्याला कळतं.

त्याच चित्रपटाच्या उत्तरार्धात ती उंदराचं औषध विकत घेते. दुकानात चार-पाच वाक्यांची देवघेव आहे, भाजी घेतल्यासारखी. सूडाचा भार एकाही शब्दावर नाही. आपल्याकडे एकांकिका स्पर्धांत असा प्रसंग आला की नट शेवटच्या शब्दावर थांबून प्रेक्षकांकडे बघतो आणि टाळी घेतो. ती टाळी सोडायला शिक. (परीक्षकांचे गुण कमी होतील कदाचित. होऊ देत.)

आवाजाबद्दल तू काहीच विचारलं नाहीस, पण खरी ठेच तिथंच लागणार आहे. फिन्निशमध्ये शब्दाचा आघात नेहमी पहिल्या अक्षरावर असतो आणि साधं वाक्य शेवटाकडे उतरत जातं. त्यात कौरिस्मॅकीची पात्रं रोजच्या बोलीत न बोलता पुस्तकी प्रमाण भाषेत बोलतात. फिन्निश माणसाच्या कानाला ते थोडं विचित्र, थोडं विनोदी, आणि फार सभ्य वाटतं. कचरागाडीवरचा माणूस छापील भाषेत प्रेम व्यक्त करतो, त्यातली मजा उपशीर्षकांत निम्मी हरवते. तू तो सपाटपणा मराठीत जसाच्या तसा आणलास तर यंत्र बोलल्यासारखं होईल. मराठी वाक्याचा भार बऱ्याचदा क्रियापदाच्या आधीच्या शब्दावर येतो. तो काढून टाकलास तर अर्थच लंगडतो. तेव्हा चढउतार राहू दे, फक्त शोभेचा भाग काप. कसा? एक परिच्छेद घे. आधी बातमीपत्रासारखा वाच. मग शेजारणीला दुधाचा हिशेब सांगावा तसा वाच. दोन्हीमध्ये जे शब्द आपोआप वर आले तेवढेच वर ठेव.

आणि आवाज बारीक करताना श्वास बारीक करू नकोस. नाट्यगृहाच्या शेवटच्या रांगेपर्यंत पोचायला जो पोटातला श्वास लागतो, तोच माइकसमोरही हवा. बाहेर पडणारा आवाज मात्र हातभर अंतरावर बसलेल्या माणसापुरता. नाटकातून कॅमेऱ्याकडे आलेल्या मुली गळ्यातून कुजबुजू लागतात आणि वाक्याचं शेवटचं अक्षर गिळतात. ध्वनिमुद्रकाला मग पुन्हा टेक मागावा लागतो.

टेकचीही गंमत सांगते. कौरिस्मॅकी फार तालीम न घेता, शक्यतो पहिल्याच टेकमध्ये काम संपवणारा दिग्दर्शक म्हणून ओळखला जातो. छायालेखक तिमो साल्मिनेनचा प्रकाश रंगमंचासारखा, ठळक सावल्यांचा. अशा प्रकाशात नट ठरल्या जागेवरून वीतभर सरकला तरी डोळे अंधारात जातात. म्हणून जागा पायांना माहीत हवी. खुणेकडे खाली न बघता येण्यासाठी खुणेपासून उलटं चालत सुरुवातीच्या जागेपर्यंत जा, पावलं मोज, मग तेवढीच पावलं पुढे ये. पाच वेळा केलंस की पाय शिकतात.

आता 'ड्रिफ्टिंग क्लाउड्स' (1996). मला विचारशील तर तिचं सर्वांत भारदस्त काम हेच. फिनलंडमध्ये नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला मोठी मंदी आली, बेकारी भयंकर वाढली. चित्रपट त्या काळातला आहे. इलोना 'दुब्रोव्हनिक' नावाच्या रेस्टॉरंटात मुख्य वेटर, नवरा लाउरी ट्रामचालक. दोघांची नोकरी जाते. मुख्य भूमिका पेलोनपॅसाठी योजलेली होती. तो 1995 च्या जुलैमध्ये गेला आणि मध्यवर्ती जागा ओउतिनेनकडे आली. चित्रपटात इलोना एका लहान मुलाचा फोटो बघते, तो पेलोनपॅच्या लहानपणीचा आहे. हे ठाऊक नसतानाही तो क्षण पोचतो, कारण ती फोटोकडे बघते आणि थांबते, एवढंच करते.

या चित्रपटात तिची पाठ आणि मान बघ. नोकरीवर असताना ती ज्या ताठपणे टेबलांमधून फिरते, तोच ताठपणा बेकार झाल्यावर कामाच्या शोधात फिरतानाही टिकतो. ती खचलेली दिसण्यासाठी खांदे पाडत नाही. खांदे पाडणं हा गरिबी दाखवायचा सर्वांत आळशी मार्ग आहे आणि आपल्या मालिकांत तो रोज दिसतो. पिऊन सुरी उगारलेल्या आचाऱ्याचा प्रसंगही शोध: झटापट चौकटीबाहेर होते, आपल्याला फक्त जाणं-येणं दिसतं. चौकटीबाहेर गेल्यावर नटानं काम थांबवलं तर परत येतानाचा श्वास खोटा पडतो. तिचा पडत नाही.

दहा वर्षांच्या अंतरानं दोन इलोना, हे लक्षात आलं का? दोन्ही चित्रपट एकाच आठवड्यात बघ. पहिलीत हनुवटी थोडी पुढे, नजर चटकन बाजूला जाणारी. दुसरीत नजर समोरच्यावर टिकते. भूमिकांची तुलना करायला एवढं पुरे.

'युहा' (1999) हा युहानी आहोच्या 1911 च्या कादंबरीवरचा कृष्णधवल मूकपट. तिथं ती मार्या आहे आणि संवादाचा आधारच नाही. बाकी कामाशी परिचय झाल्याशिवाय त्याला हात घालू नकोस. मूकपटाची मोठी मुद्रा आणि तिचा आवरलेपणा यांची रस्सीखेच तेव्हाच कळेल. 'द मॅन विदाउट अ पास्ट'साठी 2002 मध्ये तिला फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. भूमिका साल्वेशन आर्मी या गरिबांना मदत करणाऱ्या ख्रिस्ती संस्थेतल्या ईर्माची. चित्रपट नायकाचा, ती बऱ्याच वेळानं येते. गणवेशात सूप वाढणारी ही बाई रात्री खोलीत पडून रेडिओवर रॉक ऐकते, त्या छोट्या प्रसंगात सबंध माणूस उभा राहतो. प्रसंगांची संख्या मोजून भूमिका नाकारणाऱ्यांनी तो बघावा.

'ल हाव्र'मध्ये (2011) ती फ्रेंच बोलते, आर्लेती नावाच्या आजारी बायकोच्या भूमिकेत, आणि फिन्निश वळण लपवायचा आटापिटा करत नाही. तुला हिंदीत काम मिळालं तर हे आठव. उच्चार शुद्ध करण्यात सगळी शक्ती गेली की ऐकणं बंद होतं. अर्थाला धक्का लावणारे दहा-बारा उच्चार सुधार, बाकीचं वळण पात्राचं म्हणून वापर.

कारकिर्दीबद्दल एवढंच सांगते. तिला जगानं एका दिग्दर्शकामुळे ओळखलं, पण त्याचा एक चित्रपट झाला की पुढच्याला कित्येकदा वर्षं लागत. मधल्या काळात ती रंगभूमीवर आणि दूरचित्रवाणीवर काम करत राहिली, पुढे थिएटर अकादमीत अभिनयाची प्राध्यापकही झाली. मोठ्या पुरस्कारानंतर 'लाइट्स इन द डस्क'मध्ये (2006) ती पुन्हा कॅशियर म्हणून क्षणभर दिसते. फिनलंडमध्ये अनेक शहरांत अनुदानित नाट्यसंस्था आहेत, पगारी नटसंच असतात. आपल्याकडे तो आधार नाही, हे मान्य करूनच हिशेब मांड. वर्षाचे सहा महिने पोट भरणारं काम, दोन नाटकं, आणि रोज तासभर शरीर-आवाज. शिकवण्या घेतल्यास तर अभिनयाच्याच घे. दुसऱ्याची चूक समजावताना आपली सापडते.

पुढच्या महिन्यात काडेपेट्यांची तीन चित्रणं पाठव: पहिल्या आठवड्याचं, दुसऱ्याचं आणि चौथ्याचं. संगीत लावू नकोस, कापाकापी नको, प्रत्येक चार मिनिटांचं. बातमी कितव्या पेटीला आली ते मला आधी सांगू नकोस.

तुझी,
बाई