वाचकांचे प्रश्न : बिगरव्यापारी ख्रिस्ती रेडिओ आणि कपाटातल्या कॅसेट

प्रश्न : माझी बहीण अमेरिकेत एका छोट्या गावात राहते. तिथल्या ख्रिस्ती रेडिओ केंद्रावर जाहिराती नसतात. केंद्राचा इतिहास लिहायचं काम तिच्याकडे आलंय. सुरुवात कुठून करावी? आणि असली केंद्रं एफएमच्या डाव्या टोकालाच का सापडतात?
– एक वाचक, शरणपूर रोड

उत्तर : ती जागा राखीव आहे. १९४५ साली अमेरिकेच्या संचार आयोगाने एफएमचा पट्टा आजच्या ठिकाणी आणला, तेव्हाच ८८ ते ९२ मेगाहर्ट्झमधल्या २० वाहिन्या बिगरव्यापारी शैक्षणिक केंद्रांसाठी वेगळ्या काढल्या. ख्रिस्ती प्रसारण त्याहून जुनं आहे. पिट्सबर्गच्या केडीकेए केंद्राने चर्चमधली उपासना २ जानेवारी १९२१ रोजी ऐकवली आणि शिकागोच्या मूडी बायबल इन्स्टिट्यूटचं स्वतःचं डब्ल्यूएमबीआय केंद्र १९२६ मध्ये सुरू झालं. पण गावोगावची छोटी केंद्रं वाढली ती या राखीव वाहिन्यांमुळे. २००० साली १०० वॉटच्या कमी शक्तीच्या एफएमलाही परवानगी मिळाली आणि तीही फक्त बिगरव्यापारी संस्थांना.

खर्च श्रोत्यांच्या देणग्यांतून भागतो. मदत करणाऱ्या दुकानाचे आभार मानता येतात, पण बेताने. ‘या कार्यक्रमाला अमुक बेकरी, मेन रोड, यांचे साहाय्य’ इथपर्यंत चालतं. केकचा भाव सांगितला, ‘आजच या’ म्हटलं किंवा ‘गावात सर्वांत चांगला’ म्हटलं की नियम मोडला.

इतिहासासाठी आधी आयोगाची जुनी नोंदपत्रं बघावीत. साधारण १९८० पर्यंतच्या केंद्रांची पत्रं स्कॅन करून ठेवलेली आहेत. वाहिनी, शक्ती, मालक कधी बदलले ते त्यांत मिळतं. इथे एक घोळ नेहमी होतो. उभारणीचा परवाना, पहिलं प्रसारण आणि प्रत्यक्ष प्रसारण परवाना या तिन्हींच्या तारखा वेगवेगळ्या असतात. स्मरणिका छापणारे हाताला लागेल ती तारीख ‘स्थापना’ म्हणून टाकून मोकळे होतात. पहिल्या प्रसारणाची तारीख स्थानिक वर्तमानपत्रात पडताळलीच पाहिजे.

प्रश्न : आमच्या ट्रस्टला नाशिकमध्ये असं केंद्र काढता येईल का?
– एक वाचक, नाशिक रोड

उत्तर : खासगी एफएमचं दार बंद आहे. २०११ च्या तिसऱ्या टप्प्याच्या धोरणात धार्मिक संस्थांच्या ताब्यातल्या कंपन्या अपात्र ठरवल्या आहेत. उरतो तो सामुदायिक रेडिओ. २००६ पासून स्वयंसेवी संस्थांनाही तो मिळतो. संस्था किमान ३ वर्षं नोंदणीकृत आणि बिगरनफा हवी. प्रसारणशक्ती साधारणपणे १०० वॉट आणि अँटेना ३० मीटरपर्यंत. निम्मे तरी कार्यक्रम स्थानिक लोकांच्या सहभागाने तिथेच तयार झालेले हवेत. बातम्या द्यायच्या तर आकाशवाणीच्या, जशाच्या तशा. अमेरिकेतल्यासारखी जाहिरातबंदी नाही, २०२४ च्या सुधारित नियमांप्रमाणे तासाला १२ मिनिटं जाहिराती चालतात. परदेशातल्या एखाद्या चर्चकडून पैसे घ्यायचे असतील तर आधी परदेशी देणग्यांच्या कायद्याखाली परवानगी.

धार्मिक कार्यक्रमांवर सरसकट बंदी नाही, पण श्रद्धेचा गैरफायदा घेऊ नये आणि दुसऱ्याच्या धर्मभावना दुखावू नयेत, असं धोरणात स्पष्ट लिहिलं आहे. दिवसभर प्रवचनंच लावायची असतील तर हा परवाना त्यासाठी नाही. शेती, आरोग्य, शाळा, पाणी हे हवंच.

पल्ल्याबद्दलही भ्रम नको. १०० वॉटला ढोबळमानाने १० किलोमीटर धरतात. शरणपूर रोडवरून निघालेला आवाज नाशिक रोडला गच्चीवर येईल, स्लॅबखालच्या खोलीत खरखरेल आणि देवळाली कॅम्पात भरवसा नाही. शहरात ९०.८ वर रेडिओ विश्वास हे सामुदायिक केंद्र आहेच. नवा मनोरा उभारण्याआधी अर्ध्या तासाचा चांगला कार्यक्रम दर आठवड्याला तयार करून बघा. बहुतेक उत्साह तिथेच मावळतो.

प्रश्न : वडिलांच्या कपाटात १९७०-८० च्या दशकांतल्या कॅसेट निघाल्या. शॉर्टवेव्हवरचे ख्रिस्ती कार्यक्रम टेप केलेले आहेत. सोबत सेशेल्सचं एक छापील कार्डही आहे. हे काय आहे आणि जपायचं कसं?
– एक वाचक, देवळाली कॅम्प

उत्तर : कार्ड फेबा रेडिओचं असण्याची दाट शक्यता आहे. या संस्थेने १९७० पासून सेशेल्स बेटांवरून दक्षिण आशियासाठी शॉर्टवेव्ह प्रसारण केलं. अँटेनांचे मनोरे समुद्रातल्या प्रवाळ खडकावर उभे होते. ते प्रसारण २००३ मध्ये थांबलं. श्रोत्याने ‘अमुक वेळी ऐकलं’ असं कळवलं की केंद्र खात्रीचं कार्ड पाठवायचं. कार्डावरची वेळ जागतिक असते, तिच्यात साडेपाच तास मिळवा. १५४५ लिहिलं असेल तर आपल्याकडे रात्रीचे सव्वानऊ. किलोहर्ट्झवरून मीटर काढायचे तर ३,००,००० ला त्या आकड्याने भागा. ९,६०० किलोहर्ट्झ म्हणजे ३१ मीटरचा पट्टा.

आता कॅसेट. लगेच वाजवू नका. खिडकीतून टेपच्या गुंडाळीवर पांढुरकी बुरशी दिसते का ते उजेडात बघा. नाशिकच्या पावसाळ्यात बंद कपाटात ती हमखास धरते. तशी कॅसेट वेगळ्या पिशवीत ठेवा, नाहीतर प्लेअरच्या हेडवरून, म्हणजे टेप वाचणाऱ्या भागावरून, ती पुढच्या सगळ्या कॅसेटना लागेल. टेपखालचा फेल्टचा छोटा तुकडा गळला असेल तर टेप हेडला टेकत नाही आणि आवाज बसका येतो. अशा वेळी टेपच्या दोन्ही गुंडाळ्या अलगद उचलून पाच स्क्रूच्या चांगल्या कवचात बसवा. चिकटवलेली कवचं कापावी लागतात, ते सरावाच्या माणसाकडून करून घ्या.

हेड आणि रबरी रोलर आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसा, पण रोलरवर थोडंच लावा. कॅसेट एकदा पुढे आणि एकदा मागे पूर्ण फिरवा. वर्षानुवर्षं एकाच ताणात बसलेली टेप त्याने सैल होते. डेकचा, म्हणजे कॅसेट प्लेअरचा, लाइन आउट यूएसबी ऑडिओ इंटरफेसला (आवाज संगणकात घेणाऱ्या छोट्या डबीला) जोडा, लॅपटॉपच्या माइकच्या भोकात नको. गुणगुण ऐकू आली तर चार्जर काढून बॅटरीवर चालवा. आवाज दबका वाटला तर हेडशेजारचा कोन बदलणारा स्क्रू किंचित फिरवून ‘स’ आणि ‘श’ सर्वांत स्वच्छ कुठे येतात ते कानाने ठरवा.

ऑडॅसिटी या ध्वनिमुद्रणाच्या सॉफ्टवेअरमध्ये २४ बिट, ४८ किलोहर्ट्झवर वेव्ह फाइल घ्या. आवाजाचं शिखर, म्हणजे सर्वांत मोठा आवाज, उणे ६ डेसिबलच्या वर जाऊ देऊ नका. स्टिरिओला तासाला सुमारे १ जीबी लागते. मूळ फाइलवर खरखर काढायचा फिल्टर लावू नका. आवाजाची चढउतार आणि कार्यक्रमाआधी वाजणारी केंद्राची धून यांवरूनच केंद्र ओळखता येतं. सफाई प्रतीवर करा. तीन प्रती ठेवा, एक घराबाहेर.

हा खटाटोप करण्याचं कारण साधं आहे. कार्यक्रम साठवून ठेवायला केंद्रं बांधील नसतात. आपल्याकडच्या सामुदायिक केंद्रांनाही कार्यक्रम फक्त ३ महिने जपायचं बंधन आहे. पुढे तो श्रोत्याकडेच सापडतो.

प्रश्न : याच कॅसेट यूट्यूबवर टाकू का?
– तेच वाचक

उत्तर : घरी जपणं वेगळं, प्रसिद्ध करणं वेगळं. भारतीय कायद्यात प्रसारणावरचा हक्क २५ वर्षं आणि ध्वनिमुद्रणावरचा ६० वर्षं असतो. प्रवचनाचा मजकूर आणि गाण्याचे शब्द-चाल यांचे हक्क आणखी वेगळे. संस्थेला पत्र लिहा, सोबत कॅसेटवरच्या तारखांची यादी जोडा. परवानगी लेखीच घ्या.